कुसळी गवत आणि बधिर पाऊल

काळविटांच्या रेहेकुरी अभयारण्यामुळे ओळखल्या जाणाऱ्या आपल्या कर्जत तालुक्याच्या माळांवर कुसळी हे देशी, बहुवर्षायू गवत वाढते. कोवळेपणी ते गुरांचा चारा असते. पावसाळा सरला की त्याला कुसळे धरतात. कुसळाचे टोक सुईसारखे, त्यावर मागे झुकलेले ताठ केस आणि वर पिळदार लांब शेपूट. दवाने हा पीळ सुटतो, उन्हाने पुन्हा वळतो. या फिरकीनेच बी जमिनीत रुजते. तसेच ते मोज्यातून पावलातही शिरते आणि केसांमुळे सहज मागे येत नाही.

निरोगी माणसाला टोचताच कळते. दीर्घकालीन मधुमेहाने पाऊल बधिर झालेल्या वृद्धांना मात्र जखम चिघळेपर्यंत कळत नाही. म्हणून माळावर बंद बूट घालावेत व परतल्यावर मोजे उलटे करून झटकावेत. ज्येष्ठांचे तळवे आणि बोटांच्या बेचक्या घरातील कोणीतरी रोज उजेडात पाहाव्यात. कुसळ दिसल्यास स्वच्छ चिमट्याने सरळ ओढून काढावे, जागा साबण-पाण्याने धुवावी. तुकडा आत राहिल्यास, किंवा सूज, लाली वा पू दिसल्यास त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवावे. ‘दुखत नाही’ म्हणून थांबू नये. बधिर पाऊल दुखून सांगत नाही, ते पाहावेच लागते.