फळ केकच्या तळाशी का बसते?

ताज्या फळांचा केक बिघडला की दोष ठरलेला असतो: फोडी तळाशी गेल्या, म्हणजे त्यांना मैदा चोळायचा राहिला. इटलीत घरोघरी होणारा ‘तोर्ता दी मेले’, म्हणजे सफरचंदाचा साधा केक, हा समज खोडून काढतो. त्यात २०० ग्रॅम मैद्याला अर्धा-पाऊण किलो सफरचंदे सहज लागतात आणि फोडींना सहसा मैदा लावत नाहीत. लावतात तो लिंबाचा रस, तोही त्या काळ्या पडू नयेत म्हणून. तरी फळ जागेवर राहते, कारण मिश्रण घट्ट असते. ओव्हनमध्ये मिश्रण आधी तापून सैल होते. मग मैद्यातला स्टार्च फुगतो, अंड्यातली प्रथिने घट्ट होतात आणि केक आकार धरतो. फळ खाली सरकते ते या मधल्या वेळात. तेवढ्यात फोडींना चोळलेला मैदा ओला होऊन मिश्रणात मिसळूनही जातो. शिवाय सगळी फळे सारखी जड नसतात. सफरचंदाच्या आकारमानाचा सुमारे चौथा हिस्सा हवाच असते, म्हणून ते पाण्यावर तरंगते, चेरी बुडते. चेरीसाठी मिश्रण आणखी घट्ट हवे. मैदा चोळून फरक पडतो, असे अनेक जण अनुभवाने सांगतात, आणि पाकातल्या चिकट चेरींचा गोळा होऊ नये यासाठी तो उपयोगी आहेच. सैल मिश्रण मात्र त्याने सावरत नाही.

दुसरा समज अधिक नुकसान करतो: फळ हे तयार केकमध्ये वरून घालायची भर आहे, हा. सफरचंदात सुमारे ८५ टक्के, स्ट्रॉबेरीत सुमारे ९१ टक्के पाणी असते. अर्धा किलो सफरचंदांबरोबर चारशे ग्रॅमहून जास्त पाणी भांड्यात येते. ते सगळे सुटत नाही, पण उष्णतेने पेशी फुटल्या की त्यातले बरेच मिश्रणात उतरते. म्हणून दूध बेतानेच घालायचे आणि फोडी पातळ कापायच्या. त्याच केकमध्ये सफरचंदांऐवजी तितक्याच वजनाची महाबळेश्वरची स्ट्रॉबेरी घातली तर तो बसणारच. ती निम्म्याहून कमी घ्यावी आणि वरच मांडावी, म्हणजे पाणी वाफ होऊन निघून जाते. जास्त बेकिंग पावडर हा यावरचा उपाय नव्हे: बुडबुडे एकमेकांत मिसळून फुटतात आणि फुगलेला केक खचतो. फळालगतचा ओलसर थर पाहून केक कच्चा आहे असे ठरवणेही चूक. सुरी फोडीत गेली तर ती ओलीच निघणार. दोन फोडींच्या मधे टोचून पाहावे. तिथे कोरडी निघाली की केक बाहेर काढावा आणि पूर्ण निवल्याशिवाय कापू नये, कारण तो ओलसर थर निवतानाच घट्ट होतो.