समुद्र नसण्याचा बहाणा

छत्रपती संभाजीनगरपासून मुंबईचा समुद्र जवळपास साडेतीनशे किलोमीटरवर आहे. त्यामुळे इथे बीच व्हॉलीबॉलचा विषय काढला की उत्तर ठरलेले असते: तो किनाऱ्यावरच्या लोकांचा खेळ, सुटीतली मौज; आपल्या पोरांनी त्यात आयुष्य कशाला घालवायचे? या उत्तरातली काळजी खरी आहे, कारण मात्र चुकीचे आहे. भारतात बीच व्हॉलीबॉलपटूची कारकीर्द आज अरुंद आणि अनिश्चित आहे, हे नाकारण्यात अर्थ नाही. पण ती अरुंद आहे ती स्पर्धांच्या आणि पैशाच्या रचनेमुळे. त्यात समुद्राचा संबंध फार थोडा. कारणच चुकीचे धरले की उपायही चुकतो, म्हणून हा गैरसमज आधी बाजूला करायला हवा.

हा खेळ ऑलिंपिकमध्ये पहिल्यांदा पदकांसाठी खेळला गेला तो 1996 साली, अटलांटा स्पर्धेत, आणि तेव्हाची मैदाने जॉर्जिया राज्याच्या आतल्या भागात, जोन्सबरोजवळ होती. 2012 साली लंडनमध्ये हॉर्स गार्ड्स परेडच्या संचलन मैदानावर वाळू ओतली गेली, तर 2024 साली पॅरिसमध्ये आयफेल टॉवरच्या पायथ्याशी. यजमानांनी हौसेने केलेली सजावट म्हणून हे सोडून देता येईल, पण खेळाडूंचे काय? स्वित्झर्लंडला समुद्रच नाही, तरी त्या देशाने 2004, 2020 आणि 2024 अशा तीन ऑलिंपिकमध्ये कांस्यपदक मिळवले. 2023 ची पुरुषांची जागतिक स्पर्धा जिंकणारे पेरुशिच आणि श्वाइनर चेक प्रजासत्ताकाचे, म्हणजे तोही चारही बाजूंनी जमिनीने वेढलेला देश. खेळाला लागते ती वाळू, आणि वाळूचा हिशेब मांडता येतो. मैदान 16 बाय 8 मीटरचे, भोवती किमान 3 मीटर मोकळी जागा, म्हणजे 22 बाय 14 मीटरचा खड्डा. वाळू किमान 40 सेंटिमीटर खोल हवी. गुणाकार केला की सुमारे 123 घनमीटर, आपल्या भाषेत साधारण 44 ब्रास होतात. आठ-दहा हायवांचा हा माल. गोदाकाठच्या जिल्ह्यात वाळूचे नाव काढले की लिलाव, तहसीलदारांची कारवाई आणि पोलीस ठाण्याच्या आवारात उभा केलेला हायवा आठवतो, हा भाग वेगळा. पण रीतसर परवान्याने घेतलेली, धुऊन चाळलेली नदीची वाळू अशक्यकोटीतली नाही. क्रश सँड मात्र चालणार नाही, तिचे कण टोकदार असतात आणि अंग सोलते. काळ्या मातीत पाणी साचते, म्हणून खाली खडीचा थर आणि पाणी निघून जायला वाट ठेवावी लागते. यातले कुठलेच काम गावातल्या गवंड्याला नवे नाही.

आपल्या मे महिन्याच्या उन्हात वाळू तापते, हा आक्षेप खरा आहे. ती टोकियो ऑलिंपिकमध्येही तापली होती आणि पाण्याचे फवारे मारून थंड करावी लागली होती. इथे पहाटे आणि संध्याकाळी सराव ठेवणे हेच शहाणपण, आणि आपल्याकडचे बहुतेक मैदानी खेळाडू उन्हाळ्यात तसेही तेच करतात.

दुसरा समज असा की सहा जणांच्या संघात ज्याला जागा मिळत नाही, तो दोघांच्या खेळात जातो, आणि मऊ वाळूवर खेळणे सोपे असते. आकडे उलट सांगतात. नेहमीच्या व्हॉलीबॉलमध्ये एका बाजूचे 81 चौरस मीटर सहा जण सांभाळतात, म्हणजे प्रत्येकाच्या वाट्याला साडेतेरा. वाळूवर 64 चौरस मीटर दोघांत, प्रत्येकी बत्तीस. तेही पाय रुतणाऱ्या जमिनीवर. 1998 साली प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात वाळूवर चालायला कठीण जमिनीच्या दुपटीहून जास्त आणि पळायला सुमारे दीडपट ऊर्जा लागते असे आढळले. उडी मारून उतरताना गुडघ्यांना धक्का कमी बसतो हे खरे, पण ती उडी घ्यायलाच जास्त जोर लागतो. बदली खेळाडू नसतो. एकाला खेळणे अशक्य झाले की सामना संपला. ब्लॉकला लागलेला चेंडू इथे तीन स्पर्शांपैकी पहिला धरला जातो. बोटांनी हलकेच पलीकडे सोडायचे प्लेसिंग चालत नाही. वारा आणि ऊन एकाच बाजूला त्रास देऊ नये म्हणून दर सात गुणांनी बाजू बदलतात. सर्व्हिसच्या आधी जाळ्याजवळच्या खेळाडूचे हात पाठीमागे गेलेले दिसतात: एक बोट म्हणजे मी सरळ रेषेतला फटका अडवतो, दोन म्हणजे तिरका. उरलेली सगळी वाळू मागच्या साथीदाराची. खेड्यापाड्यांत शूटिंग बॉल खेळून मनगट तयार झालेल्या मुलांना या खेळाची नजर लवकर येईल असा माझा अंदाज आहे. पण लिफ्ट आणि स्मॅश, दोन्ही कामे एकाच माणसाला तितक्याच सफाईने यावी लागतात, आणि तिथे शूटिंग बॉलची सवय आडही येऊ शकते.

मुलींच्या बाबतीत घरातून येणारी हरकत बहुधा कपड्यांची असते, मग ती बोलून दाखवली जावो अथवा न जावो. एके काळी ती निराधार नव्हती. महिलांच्या बिकिनीच्या खालच्या भागाची बाजूची रुंदी कमाल 7 सेंटिमीटर असावी असा नियम खरोखरच होता, आणि तो होता हेच मुळात लाजिरवाणे आहे. 2012 मध्ये आंतरराष्ट्रीय महासंघाने बाह्यांचे टॉप आणि गुडघ्याजवळ पोचणाऱ्या शॉर्ट्सना परवानगी दिली. रिओ ऑलिंपिकमध्ये इजिप्तच्या जोडीने पूर्ण बाह्या आणि पायघोळ लेगिंग्ज घातल्या, दोआ अल्घोबाशीने हिजाबही. 2021 मध्ये बिकिनी नाकारल्याबद्दल नॉर्वेच्या मुलींना दंड झाला, ती बातमी अनेकांच्या लक्षात आहे. पण तो खेळ बीच हँडबॉल होता.

आता खरी अडचण. प्रो म्हटले की आपल्याला पगार, संघमालक आणि लिलाव आठवतो. तसे काही असेल तर ते इनडोअर व्हॉलीबॉलमध्ये, 2022 साली सुरू झालेल्या प्राइम व्हॉलीबॉल लीगमध्ये. वाळूवर तशी फ्रँचायझी लीग भारतात नाही. जगातही बीच व्हॉलीबॉलची जोडी म्हणजे दोघांनी चालवलेला छोटा धंदाच असतो. बीच प्रो टूरच्या फ्यूचर, चॅलेंज आणि एलिट अशा पायऱ्या आहेत. गुण जमवत वर चढायचे, आणि खालच्या पायरीवर विमानाचे तिकीट, मुक्काम, प्रशिक्षक हा खर्च बक्षिसातून निघण्याची आशा धरू नये. ऑलिंपिकमध्ये पुरुष आणि महिला अशा प्रत्येक गटात 24 जोड्या, एका देशाच्या जास्तीत जास्त दोन. युरोपातल्या खेळाडूला शेजारच्या देशात रेल्वेने जाऊन स्पर्धा खेळता येते. चिकलठाणा विमानतळावरून निघणाऱ्याला ती सोय नाही. त्यात जोडी फुटली की गुणांची बांधणी विस्कटते, आणि दोघांपैकी एकाला नोकरी लागली तरी जोडी फुटते. समुद्राचे अंतर वाळू टाकून भरून काढता येते, स्पर्धांच्या वेळापत्रकाचे अंतर तसे भरत नाही.

मग इतके असूनही इथे खड्डा खणायचा कशाला, असा प्रश्न कुणी केला तर तो रास्तच आहे. माझे उत्तर एवढेच की खर्च थोडा आहे आणि तो वाया जात नाही. विद्यापीठ परिसरातले भारतीय खेळ प्राधिकरणाचे केंद्र आणि गारखेड्याचे विभागीय क्रीडा संकुल या दोन्ही ठिकाणी इतर खेळांचे खेळाडूही वाळूत पायांचा व्यायाम करू शकतील. मे 2025 मध्ये दीव येथे पहिल्या खेलो इंडिया बीच गेम्स झाल्या आणि त्यात बीच व्हॉलीबॉल पदकांचा खेळ होता, म्हणजे निदान देशांतर्गत दार थोडे उघडले आहे. पण सतरा वर्षांच्या मुलाने किंवा मुलीने आज इनडोअर सोडून फक्त वाळू धरू नये. रेल्वे, पोलीस, सेनादले यांच्या संघांची भरती अजून मुख्यतः सहा जणांच्या खेळाभोवती फिरते. राज्य सरकारी नोकऱ्यांत खेळाडूंसाठी पाच टक्के आरक्षण आहे, मात्र त्यासाठी स्पर्धा मान्यताप्राप्त असावी लागते आणि प्रमाणपत्र क्रीडा उपसंचालकांच्या पडताळणीतून जावे लागते. म्हणून एखाद्या बीच स्पर्धेची प्रवेश फी भरण्याआधी पालकांनी एक गोष्ट विचारून घ्यावी: ही स्पर्धा कोणत्या संघटनेची, आणि तिचे प्रमाणपत्र पडताळणीत टिकते का?