गडेगावचा कारखाना आणि आपली मुले

"लागला का गा तुझा पोरगा लेलँडात?"

दहावी-बारावीचा निकाल लागला, की आमच्या लाखनीत हा प्रश्न हमखास कानावर येतो. चहाच्या टपरीवर, धान गिरणीच्या वजनकाट्याजवळ, लग्नाच्या पंगतीत, कुठेही. त्यात कौतुक असते, थोडी असूयाही असते आणि बऱ्याच वेळा उत्तर 'नाही' असेच असते. लाखनीहून भंडाऱ्याकडे जाताना महामार्गावर गडेगाव लागते. तेथे अशोक लेलँड कंपनीचा कारखाना आहे. तो सुरू झाला १९८२ साली. माझा जन्मही त्याच सुमाराचा. म्हणजे हा कारखाना आणि मी बरोबरीने वाढलो. तो रोज डोळ्यांसमोर असूनही तेथे काय तयार होते, आत कोण जातो आणि पुढे त्याचे काय होणार, हे आपल्यापैकी किती जणांना ठाऊक आहे? ज्या घरातील मुलगा उद्या त्या दारात उभा राहणार आहे, त्या घराने तरी हे जाणून घ्यायला हवे.

कारखाना इकडे आला कसा?

या कंपनीचे मूळ मद्रासचे. १९४८ साली रघुनंदन सरन यांनी अशोक मोटर्स काढली. तेव्हा तेथे इंग्लंडच्या ऑस्टिन मोटारी जोडल्या जात. १९५५ मध्ये इंग्लंडच्या लेलँड कंपनीशी भागीदारी झाली आणि मोटारी सोडून ट्रक व बस हा कंपनीचा मुख्य धंदा झाला. १९८७ पासून ती हिंदुजा समूहाकडे आली.

आपल्या राज्यात मोटार उद्योग आधी मुंबईत व मग पुण्याकडे वाढला. कुर्ल्याला प्रीमियर, आकुर्डीला बजाज, पिंपरीला टेल्को आणि नंतरच्या काळात चाकणला देशी-परदेशी कंपन्यांची रांगच लागली. सगळे कारखाने मुंबई-पुण्यातच साचू नयेत म्हणून राज्य सरकारने १९६२ मध्ये औद्योगिक विकास महामंडळ स्थापन केले आणि १९६४ पासून मागास भागात कारखाना काढणाऱ्यांना सवलती देण्याची योजना आणली. बजाज १९८५ मध्ये औरंगाबादजवळ वाळूजला गेले, ते याच काळात. आपला भंडारा जिल्हा म्हणजे धान, तलाव, विडी आणि पितळेची भांडी. अशा जिल्ह्यात ट्रकचा कारखाना येणे ही त्या काळी मोठीच गोष्ट होती.

परंतु एक फरक लक्षात घ्या. एका ट्रकला हजारो सुटे भाग लागतात. पुण्याला मोठ्या कारखान्याभोवती ओतकाम, घडाई, रबर, काच, स्प्रिंग, वायरिंग यांचे शेकडो लहान कारखाने उभे राहिले. एकाने कामावरून काढले तर कामगार दुसऱ्या दारात जातो. आपल्याकडे वरठीला सनफ्लॅगचा पोलाद कारखाना आहे. त्याचे पोलाद वाहनांच्या भागांसाठी जाते. नागपूरला हिंगण्यात महिंद्राचे ट्रॅक्टर बनतात. पण पुण्यासारखे सुट्या भागांच्या कारखान्यांचे दाट जाळे गडेगावभोवती विणले गेले नाही. म्हणून आपल्या मुलाला दार एकच दिसते. ते उघडले नाही, की तो थेट पुण्याची गाडी धरतो.

आत काय बनते?

गडेगावात वाहनांच्या जोडणीची सोय आहे. पण त्याची खरी ओळख म्हणजे गिअरबॉक्स. इंजिन एका ठरावीक वेगाच्या पट्ट्यातच नीट ताकद देते. भरलेला ट्रक घाट चढताना चाकाला जोर हवा, मोकळ्या रस्त्यावर वेग हवा. लहानमोठ्या दात्यांची चक्रे एकमेकांत अडकवून हा बदल करणारी पेटी म्हणजे गिअरबॉक्स.

जुन्या ट्रकचे ड्रायव्हर गिअर बदलताना दोनदा क्लच दाबायचे, नाहीतर दाते कर्र करून ओरडायचे. दोन चक्रांचे वेग वेगवेगळे असल्याने असे होई. गडेगावात 'सिंक्रोमेश' जातीची पेटी बनते. तिच्यात एक कडी असते, पुष्कळ वेळा पितळेची. ती घासून आधी दोन्हींचे वेग सारखे करते आणि मग दाते अलगद बसतात. पितळेसाठी नावाजलेल्या भंडाऱ्याच्या माणसाला ही गोष्ट गमतीची वाटेल.

एक चक्र तयार व्हायला किती हात लागतात पाहा. घडाई केलेला पोलादाचा गोळा लेथवर कापतात, हॉबिंग यंत्रावर दाते पाडतात, दाते तासून साफ करतात. मग भट्टीत तापवून वरच्या थरात कार्बन मुरवतात. त्यामुळे दाते वरून कठीण होतात आणि आतून चिवट राहतात. त्यानंतर ग्राइंडिंग, मापन, जोडणी आणि चाचणी. केसाहूनही कमी फरक पडला तरी तो नग बाद होतो. म्हणूनच येथे टर्नर, फिटर, मशिनिस्ट, ग्राइंडर अशी तयार माणसे लागतात. आता हाताने फिरवायच्या लेथऐवजी सीएनसी यंत्रे आली. आकडे वाचणारा, ड्रॉइंग समजणारा, मायक्रोमीटर धरता येणारा मुलगा त्यांना हवा असतो. 'पडेल ते काम करीन' एवढ्याने आता भागत नाही.

आरक्षण कोठपर्यंत?

येथे आपल्या घरांत एक मोठा गैरसमज आहे. आयटीआयच्या प्रवेशात आरक्षण आहे. जातीचा दाखला तेथे उपयोगी पडतो. कारखान्याच्या दारात मात्र आरक्षण नाही, कारण तो खाजगी आहे. रेल्वेत, बँकेत, आयुध निर्माणीत जे संरक्षण आपल्या वडीलधाऱ्यांना मिळाले, ते येथे मिळत नाही. स्थानिकांना प्राधान्य द्यावे असे शासनाचे धोरण आहे, पण त्यात आपल्या समाजाचा वेगळा वाटा नाही.

दाराचा हा प्रश्न आपल्याला नवा नाही. मुंबईच्या कापड गिरण्यांत अस्पृश्यांना विणकाम खात्यात घेत नसत. तुटलेला धागा तोंडाने ओला करावा लागे, म्हणून विटाळाचे निमित्त सांगत. पगार मात्र त्याच खात्यात जास्त होता. १९२८ च्या गिरणी संपाच्या वेळी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी हा प्रश्न उघडपणे मांडला. पुढे १९४२ ते १९४६ या काळात ते व्हाइसरॉयच्या मंडळात श्रम खात्याचे प्रमुख होते. कारखान्यांतील आठवड्याचे तास ५४ वरून ४८ वर आणणारी दुरुस्ती १९४६ ची. म्हणजे कारखान्यात शिरणे ही एक लढाई आणि शिरल्यावर माणसासारखे वागवले जाणे ही दुसरी, हे त्यांनी तेव्हाच ओळखले होते.

तीन प्रकारचे कामगार

कोणत्याही मोठ्या कारखान्याच्या फाटकातून सकाळी एकाच तऱ्हेचे बूट घालून माणसे आत जातात. पण त्यांचे हक्क सारखे नसतात. पहिला कायम कामगार. त्याचा पगार युनियनच्या कराराने ठरतो. दुसरा ॲप्रेंटिस, म्हणजे १९६१ च्या कायद्याखाली शिकणारा उमेदवार. त्याला विद्यावेतन मिळते, पण मुदत संपल्यावर नोकरी द्यावीच असे बंधन मालकावर नसते. पुष्कळ आईबाप येथेच फसतात. मुलगा 'कंपनीत लागला' म्हणून पेढे वाटतात आणि वर्षाने तो घरी येतो. त्यात मुलाचा दोष नाही. त्या वर्षात तो हुनर शिकला आणि त्याचे प्रमाणपत्र त्याने पदरात पाडून घेतले, तर ते वर्ष वाया गेले असेही नाही. तिसरा ठेकेदाराचा कामगार. यंत्र तेच असले, तरी त्याचा मालक कागदावर वेगळा असतो.

या तिसऱ्या प्रकाराचा अनुभव माझ्या घरचाच आहे. माझ्या मावसभावाचा मुलगा आयटीआय करून नागपूरकडच्या सुट्या भागांच्या एका छोट्या कारखान्यात ठेकेदाराकडे लागला. तीन वर्षे पगारातून प्रॉव्हिडंट फंड कापला गेला. काम सुटल्यावर पासबुक काढले तर त्यात काही महिन्यांचीच रक्कम. वहिनी विड्या वळून घर चालवणारी बाई. पावत्यांची पिशवी घेऊन ती माझ्याकडे आली. म्हणाली, "भाऊजी, पगारातून कापलं त हाय, मंग गेलं कोठं?"

मी कारकून माणूस, बेरजा-वजाबाक्या हेच माझे काम. रात्री कंदमुळे निवडावीत तशा आम्ही पावत्या निवडत बसलो. तीन वर्षांच्या छत्तीस पावत्या हव्या होत्या, सापडल्या अकरा. बाकीच्या पोराने फेकून दिल्या होत्या. त्या अकरा महिन्यांचा हिशेब लिहून तक्रार केली, हेलपाटे घातले आणि तेवढी रक्कम जमा झाली. उरलेल्यांचा पुरावाच नव्हता. पोरगा मान खाली घालून म्हणाला, "काका, कागद जपायचा असतो हे कोणी सांगितलंच नाही." हे वाक्य मला आजही टोचते. त्याला आयटीआयने लेथ शिकवली. पावती वाचायला आम्ही घरच्यांनी शिकवायला हवे होते.

पावती कशी वाचावी?

पगाराच्या पावतीवर मूळ वेतन व महागाई भत्ता पाहावा. त्याच्या १२ टक्के कामगाराकडून फंडात जातात आणि तितकेच मालकाने भरायचे असतात. मालकाच्या वाट्यातील ८.३३ टक्के पेन्शन योजनेत जातात आणि पेन्शनसाठी दहा वर्षांची सेवा लागते. म्हणून नोकरी बदलली तरी फंड काढून खाऊ नये, जुन्याच यूएएन क्रमांकावर तो पुढे न्यावा. कामगार विमा लागू असेल तर ०.७५ टक्के आपले व ३.२५ टक्के मालकाचे. महिना २१ हजारांपर्यंत वेतन असलेल्यांना तो लागू होतो व कुटुंबाच्या उपचाराला उपयोगी पडतो. ठेकेदाराने फंड भरला नाही, तर मूळ कारखानदाराची जबाबदारी सुटत नाही, हेही ध्यानात ठेवावे.

२१ नोव्हेंबर २०२५ पासून केंद्राच्या चार कामगार संहिता अमलात आल्या. त्यांत प्रत्येक कामगाराला नेमणूकपत्र देणे सक्तीचे आहे आणि ठरावीक मुदतीच्या कामगाराला एका वर्षाच्या सेवेनंतरही ग्रॅच्युइटीचा हक्क आहे. या संहितांतील इतर तरतुदींना कामगार संघटनांचा विरोध आहे व तो त्यांनी रस्त्यावर येऊन नोंदवला आहे. पण जे हक्काचे आहे ते मागून घ्यायला संकोच कशाला? पहिल्या दिवशी नेमणूकपत्र मागावे.

तेजी-मंदीचा फेरा

ट्रकचा धंदा देशाच्या बाजाराबरोबर वरखाली होतो. जुलै २०१८ मध्ये सरकारने ट्रकला जास्त भार वाहण्याची परवानगी दिली. जुन्याच ट्रकमध्ये जास्त माल बसू लागला, नव्यांची गरज घटली. त्यात कर्जपुरवठा आटला. परिणामी सप्टेंबर २०१९ मध्ये कंपनीने आपल्या कारखान्यांत कामबंदचे दिवस जाहीर केले. पंतनगरला अठरा, एन्नोरला सोळा आणि भंडाऱ्याच्या वाट्याला दहा दिवस आले. पाठोपाठ कोरोना आला. अशा दिवसांत रोजावरच्या ठेका कामगाराची चूल सर्वांत आधी विझते. नंतर बाजार सावरला. २०२४ मध्ये कंपनीला आपल्या एसटी महामंडळाकडून २,१०४ बसची मागणी मिळाली.

पण पुढचा बदल तेजी-मंदीचा नाही. जून २०२२ मध्ये एसटीची विजेवर चालणारी 'शिवाई' पुणे-अहमदनगर मार्गावर धावली. विजेची मोटर थांबलेल्या स्थितीतूनच पूर्ण जोर देते. तिला क्लच लागत नाही, सहा-सहा गिअरची पेटीही सहसा लागत नाही. लांब पल्ल्याचे जड ट्रक अजून बरीच वर्षे डिझेलवर राहतील, म्हणून गडेगावचे काम उद्या थांबेल असे नाही. तरी ज्या गावाची ओळख गिअरबॉक्सवर आहे, त्याने हा बदल डोळ्यांआड करून चालणार नाही.

म्हणून फिटर-टर्नर शिकणाऱ्या मुलाने सीएनसी व इलेक्ट्रॉनिक्सचा जोडअभ्यास करावा. इलेक्ट्रिशियनच्या मुलाने बॅटरी व मोटर समजून घ्यावी. आणि मुलींना फक्त शिवणकामाच्या वर्गाला पाठवू नये. याच कंपनीने २०२३ मध्ये होसूरला इंजिन जोडणीची संपूर्ण महिलांची शाखा सुरू केली. मायक्रोमीटर कोणाच्या हातात आहे हे नगाला कळत नाही.

आमच्या वस्तीत आम्ही एक छोटी गोष्ट सुरू केली आहे. रविवारी संध्याकाळी विहारात कामावर जाणारी मुले पावत्या घेऊन येतात आणि आम्ही दोघे-तिघे त्या वाचून दाखवतो. प्रत्येकाची एक फाईल केली आहे. तीत आयटीआयचे प्रमाणपत्र, ॲप्रेंटिसचे प्रमाणपत्र, नेमणूकपत्र, पावत्या आणि यूएएन क्रमांक असतो. फाईलची किंमत वीस रुपये. परवा वहिनी आपल्या पोराची फाईल घेऊन आली. तो आता दुसरीकडे लागला आहे. तिने पावत्या सुतळीने बांधून महिन्यांच्या क्रमाने लावल्या होत्या. बाईला वाचता येत नाही, पण एकही महिना चुकला नव्हता.