कॉन्सर्ट थ्रीडीत कशी टिपतात?

१५ डिसेंबर २०१९ रोजी नेरुळच्या डी. वाय. पाटील स्टेडियममध्ये ‘यूटू’ हा आयरिश बँड गायला. त्यांच्या ‘व्हर्टिगो’ दौऱ्यावरचा ‘यूटू थ्रीडी’ हा चित्रपट त्याआधीच, २००८ मध्ये, आला होता. २००६ मधलं त्याचं बरंचसं चित्रीकरण दक्षिण अमेरिकेतल्या स्टेडियममधलं.

थ्रीडीसाठी एकाच जागी दोन कॅमेरे लागतात, एकेका डोळ्यासाठी एकेक. आपल्या डोळ्यांत जेमतेम साडेसहा सेंटिमीटर अंतर. मोठे कॅमेरे इतके खेटून बसत नाहीत. मग ते काटकोनात लावून मध्ये तिरका अर्धपारदर्शक आरसा बसवतात. निम्मा प्रकाश आरपार जातो, निम्मा वळून दुसऱ्या कॅमेऱ्यात. दोघांचा झूम किंवा फोकस जरा जरी जुळला नाही, तर प्रेक्षकाचे डोळे दुखू लागतात.

झटपट कटही थ्रीडीत सोसत नाहीत. म्हणून ‘यूटू थ्रीडी’त दृश्यं एकमेकांत हळूहळू मिसळतात, चित्रपटाचं खरं देखणेपण मला तिथेच दिसतं.

कॉन्सर्टवरचा चित्रपट आपल्याकडेही झाला: ए. आर. रहमान यांच्या उत्तर अमेरिका दौऱ्यावरचा ‘वन हार्ट’ २०१७ मध्ये आला. त्यात गाण्यांइतकंच महत्त्व तालमींना आणि वादकांच्या बोलण्याला आहे.