राक्षसाची अंतराळातली नोकरी : 'कार्गो'

साय-फाय म्हणजे नुसती मारामारी वाटत असेल, तर 'कार्गो' (२०१९) बघाच! लेखन-दिग्दर्शन आरती कडव यांचं. पुष्पक ६३४ए या यानात प्रहस्थ नावाचा राक्षस नोकरीला आहे. मेलेली माणसं आली की त्यांच्याजवळच्या वस्तू काढून घ्यायच्या, जखमा भरायच्या, आठवणी पुसायच्या आणि पुनर्जन्माला रवाना करायचं. अगदी सरकारी खात्यासारखं! पण कथेचा जीव आहे प्रहस्थच्या एकटेपणात. वर्षानुवर्षं एकट्याने काम केलेलं, त्यामुळे मदतनीस म्हणून युविष्का येते तेव्हा तो आधी अवघडतोच. प्रहस्थच्या भूमिकेत विक्रांत मॅसीने हे अवघडलेपण कमाल पकडलंय. आणि पृथ्वीवरून संपर्कात असणारे नीतिज्ञ कोण? आपले 'हरिश्चंद्राची फॅक्टरी'वाले नंदू माधव! आवडला तर कडव यांची '५५ किमी/सेकंद' ही शॉर्टफिल्मही शोधा.