कल्याण: लोकलच्या आधी इथे जहाजं लागायची!

बदलापूर किंवा अंबरनाथहून लोकल पकडली की थोड्याच वेळात कल्याण येतं. आपल्यासाठी ते गर्दीचं जंक्शन. पण दोन हजार वर्षांपूर्वी ते बंदर होतं.

समुद्र नसताना बंदर कसं?
उल्हास नदी कल्याणजवळ खाडीला मिळते. भरतीच्या पाण्यावर गलबतं थेट आत येत. इथून माल नाणेघाट चढून जुन्नरकडे जाई.

पुरावा काय?
पहिल्या शतकातल्या 'पेरिप्लस' या ग्रीक पुस्तिकेत 'कल्लिएना'चा उल्लेख आहे. त्यात एक गंमतीशीर तक्रारही आहे: सत्ता बदलल्यावर बंदराची अडवणूक झाली आणि इथे आलेली ग्रीक जहाजं पहाऱ्यात भडोचला नेली जाऊ लागली. म्हणजे बंदरांचं राजकारण तेव्हाही होतंच! कान्हेरी लेण्यांतल्या शिलालेखांत कल्याणच्या व्यापाऱ्यांनी दिलेल्या दानांची नोंद आहे.

शिवाजी महाराजांचा संबंध
१६५७ मध्ये महाराजांनी कल्याण-भिवंडी घेतलं. खाडीकाठी दुर्गाडी किल्ला उभा राहिला आणि इथेच जहाजबांधणी सुरू झाली. म्हणून मराठा आरमाराची गोष्ट सांगताना कल्याणचं नाव आधी येतं.

मग बंदर गेलं कुठे?
खाडीत गाळ साचत गेला, जहाजं मोठी झाली आणि मुंबईचं बंदर वाढलं. १८५४ मध्ये रेल्वे कल्याणला पोहोचली. शहराचं महत्त्व टिकलं, पण आता ते रुळांमुळे.

काय पाहाल?
• दुर्गाडी किल्ला: कल्याण पश्चिमेला, स्टेशनवरून रिक्षाने. वर दुर्गादेवीचं मंदिर, खाली खाडी. नवरात्रात मोठी गर्दी असते.
• काळा तलाव: संध्याकाळी फेरफटका मारायला.
• अंबरनाथचं शिवमंदिर: १०६० सालचं, शिलाहारांच्या काळातलं. बाहेरच्या भिंतींवरचं कोरीवकाम निवांत पाहा.

आणि एक गोष्ट
या मंदिराशेजारून वाहणारी वालधुनी पुढे उल्हासनगरातून जाऊन कल्याणच्या खाडीला मिळते. कारखान्यांचं आणि वस्त्यांचं सांडपाणी तीच वाहून नेते. ज्या पाण्याने कल्याणचं नाव ग्रीक पुस्तिकेपर्यंत नेलं, त्याच्या काठाशी आज नाक धरून उभं राहावं लागतं. किल्ला दुरुस्त करता येतो. खाडी मेली, तर बंदराची शेवटची खूणही जाईल.