ट्राउट, माइक

ट्राउट, माइक : (७ ऑगस्ट १९९१ – ). अमेरिकेचा विख्यात व्यावसायिक बेसबॉलपटू व लॉस अँजेल्स एंजल्स या संघाचा बाह्यक्षेत्ररक्षक. संपूर्ण नाव मायकेल नेल्सन ट्राउट. जन्म न्यू जर्सी राज्यातील व्हाइनलंड येथे. बालपण व शालेय शिक्षण जवळच्याच मिलव्हिल या गावी. ‘अमेरिकन लीग’मधील सर्वांत मौल्यवान खेळाडू हा बहुमान त्याने २०१४, २०१६ व २०१९ असा तीनदा मिळविला. माध्यमिक शाळेतून थेट व्यावसायिक खेळात आलेला व वयाची वीस वर्षे पूर्ण होण्यापूर्वीच प्रमुख स्पर्धेत, म्हणजे ‘मेजर लीग’मध्ये, उतरलेला हा खेळाडू आहे. होतकरू मुलांची पारख, निवड व उमेदवारी यांची अमेरिकेतील पद्धत कशी चालते आणि ती कोठे चुकते, हे त्याच्या आरंभीच्या वाटचालीवरून चांगले स्पष्ट होते.

बेसबॉलच्या मैदानात चार तळांच्या चौकोनापलीकडे, कुंपणापर्यंत पसरलेल्या हिरवळीच्या पट्ट्यास बाह्यक्षेत्र म्हणतात. डावा, मधला व उजवा असे तीन क्षेत्ररक्षक ते सांभाळतात. यांपैकी मधल्या रक्षकास सर्वाधिक जागा राखावी लागते. म्हणून तो वेगाने धावणारा व उंच उडालेल्या चेंडूचा अचूक अंदाज घेणारा असावा लागतो. क्रिकेटमधील सीमारेषेवरच्या क्षेत्ररक्षकाशी त्याची तुलना करता येईल. मात्र फलंदाजीतील सामर्थ्याची अपेक्षाही त्याच्याकडून केली जाते. खेळाडूंचा शोध घेणारे संघांचे प्रतिनिधी, म्हणजे ‘स्काउट’, अशा मुलाची पाच अंगांनी पारख करतात : फटक्यांतील सातत्य, फटक्यातील जोर, धाव, क्षेत्ररक्षण व चेंडूफेक. प्रत्येक अंगास २० ते ८० या दरम्यान गुण देण्याचा प्रघात आहे. सतरा वर्षांच्या मुलात ही पाचही अंगे अपक्व असतात. त्यामुळे हे गुणांकन आज दिसणाऱ्या खेळाचे कमी व पाच-सहा वर्षांनंतरच्या खेळाच्या भाकिताचे अधिक असते. [⟶ बेसबॉल].

माइकचे वडील जेफ ट्राउट हेही बेसबॉलपटू होते. मिनेसोटा ट्विन्स संघाच्या दुय्यम संघांतून ते १९८३ ते १९८६ या काळात खेळले. परंतु त्यांना प्रमुख स्पर्धेपर्यंत पोहोचता आले नाही. पुढे त्यांनी शिक्षकी पेशा पत्करला. माइक मिलव्हिलच्या माध्यमिक शाळेत प्रथम गोलंदाज आणि ‘शॉर्टस्टॉप’, म्हणजे दुसऱ्या व तिसऱ्या तळांमधील रक्षक, म्हणून खेळे. शेवटच्या वर्षी तो बाह्यक्षेत्रात गेला. त्या हंगामात त्याने १८ ‘होम रन’ काढले व न्यू जर्सी राज्याच्या शालेय स्पर्धांत नवा विक्रम नोंदविला. चेंडू कुंपणापलीकडे टोलवून फलंदाजाने चारही तळ पूर्ण केले, म्हणजे होम रन होतो. ईस्ट कॅरोलायना विद्यापीठाकडून खेळण्याचे त्याने ठरविले होते. व्यावसायिक संघाने निवडले नाही, तर ही वाट त्याला खुली होती.

असे असूनही त्याच्याविषयी बहुतेक संघ साशंक होते. फ्लॉरिडा, टेक्सस, कॅलिफोर्निया यांसारख्या उबदार राज्यांतील मुले जवळजवळ वर्षभर खेळतात व तुल्यबळ प्रतिस्पर्ध्यांशी खेळतात. ईशान्येकडील राज्यांत मात्र शालेय हंगाम वसंत ऋतूतील थंडी-पावसात आटोपतो, सामने थोडे होतात व गोलंदाजीचा दर्जाही बेताचा असतो. तेथील मुलाच्या घवघवीत आकड्यांना किती महत्त्व द्यावे, हा प्रश्न निवड करणाऱ्यांना नेहमीच अडचणीचा वाटत आला आहे. एंजल्सचे प्रतिनिधी ग्रेग मोरहार्ट यांना ही शंका तितकीशी वाटली नाही. जेफ ट्राउट यांचे ते दुय्यम संघातील जुने सहकारी होते. त्यांना घराण्याचा खेळ ठाऊक होता आणि मुलाची धाव त्यांनी स्वतः पाहिली होती. त्यांनी आपल्या संघाकडे माइकचा आग्रहाने पुरस्कार केला. शास्त्रशुद्ध म्हणविल्या जाणाऱ्या निवडीत अशा वैयक्तिक परिचयाचा वाटा किती मोठा असू शकतो, हे येथे दिसून येते.

शालेय व महाविद्यालयीन खेळाडूंची संघांमध्ये वाटणी करणारी वार्षिक निवड, म्हणजे ‘ड्राफ्ट’, अमेरिकेत १९६५ पासून होत आली आहे. तत्पूर्वी संघ आपापल्या ऐपतीनुसार मुलांशी करार करीत व श्रीमंत संघांचे फावे. नव्या पद्धतीत मागील हंगामातील दुर्बल संघास आधी निवडीची संधी मिळू लागली. निवडलेल्या मुलास त्या संघाशीच वाटाघाटी कराव्या लागतात; करार न केल्यास तो महाविद्यालयात जाऊ शकतो. दुर्बल संघांना न्याय मिळावा, हा या योजनेचा हेतू होता. तथापि आपला मालक निवडण्याचे खेळाडूचे स्वातंत्र्य तीमुळे संपुष्टात आले, हेही नमूद केले पाहिजे.

२००९ च्या जूनमध्ये झालेल्या निवडीच्या ५० फेऱ्या होत्या व तीत सु. दीड हजार खेळाडू निवडले गेले. पहिल्या क्रमांकावर वॉशिंग्टन संघाने स्टीव्हन स्ट्रासबर्ग या महाविद्यालयीन गोलंदाजास घेतले. न्यू जर्सीतीलच सीकॉकस येथील दूरचित्रवाणी-केंद्रातून या समारंभाचे प्रक्षेपण झाले. आपले नाव पुकारले जाण्याची वाट पाहत तेथे समक्ष बसलेला ट्राउट हा एकमेव खेळाडू होता. एकामागून एक वीसहून अधिक संघांनी त्याला वगळले. अखेरीस पंचविसाव्या क्रमांकावर एंजल्सने त्याचे नाव घेतले. हा क्रमांकही मूळचा त्यांचा नव्हता. मार्क टेशेरा या आपल्या खेळाडूस न्यूयॉर्क यांकीज संघाने करारबद्ध केल्याची भरपाई म्हणून तो त्यांना मिळाला होता. ट्राउटला करारापोटी १२ लाख १५ हजार डॉलर एकरकमी मिळाले.

त्याच फेरीतील आणखी दोन शालेय बाह्यक्षेत्ररक्षकांची हकीकत येथे लक्षात घेण्याजोगी आहे. तिसऱ्या क्रमांकावर सॅन दिएगो संघाने जॉर्जिया राज्यातील डॉनाव्हन टेट याला निवडले व त्याला साडेबासष्ट लाख डॉलर, म्हणजे ट्राउटच्या पाचपटीहून अधिक रक्कम दिली. शरीरयष्टी, वेग व जोर या तिन्ही बाबतींत तो आदर्श मानला जात होता. दुखापतींनी त्याला ग्रासले आणि प्रमुख स्पर्धेतील एकही सामना त्याच्या वाट्याला आला नाही. चोविसाव्या क्रमांकावर, म्हणजे ट्राउटच्या लगेच आधी, एंजल्सनेच टेक्ससमधील रँडल ग्रिचक याची निवड केली होती. त्यालाही प्रारंभीच्या वर्षांत दुखापतींनी रखडविले. २०१३ च्या अखेरीस त्याला सेंट लुइस कार्डिनल्स संघाकडे धाडण्यात आले. त्याने एप्रिल २०१४ मध्ये प्रमुख स्पर्धेत पदार्पण केले व पुढे दहाहून अधिक हंगाम तो तेथे टिकून राहिला. एकाच दिवशी निवडलेल्या, जवळपास एकाच वयाच्या व एकाच जागी खेळणाऱ्या या तिघांत क्रमांकानुसार जो सर्वांत मागे होता, तोच सर्वांत पुढे गेला. जाणकारांची दृष्टी अधू होती, असा याचा अर्थ करणे अन्यायाचे होईल. गुडघा, मनगट, अंगठा हे अवयव टिकतील की नाही, हे कोणत्याही गुणांकनात मोजता येत नाही.

निवड झाली, म्हणजे प्रमुख संघात प्रवेश मिळाला असे नव्हे. प्रत्येक प्रमुख संघाच्या हाताखाली दुय्यम संघांची उतरंड असते व नवशिक्यास तीमधून पायरीपायरीने वर चढावे लागते. ही ‘मायनर लीग’ची व्यवस्था सेंट लुइसच्या ब्रँच रिकी यांनी १९२० च्या दशकात पद्धतशीरपणे उभारली. मुलांना विकत घेण्यापेक्षा आपल्याच मळ्यात त्यांची लागवड करावी, हा त्यांचा हिशेब होता; म्हणून तिला शेतीवरून पडलेले ‘फार्म’ हे नाव अद्याप रूढ आहे. ट्राउटचा आरंभ २००९ च्या उन्हाळ्यात ॲरिझोनातील नवोदितांच्या स्पर्धेत झाला. तेथे त्याची फलंदाजी-सरासरी ०·३६० होती. बेसबॉलमध्ये ०·३०० ही सरासरी उत्तम समजतात. २०१० मध्ये तो आयोवा राज्यातील सीडर रॅपिड्सच्या संघातून खेळला. ८१ सामन्यांत ०·३६२ सरासरी व ४५ चोरलेले तळ ही त्याची कामगिरी होती. गोलंदाज चेंडू टाकण्याच्या बेतात असताना धाव घेऊन पुढील तळ गाठणे, यास तळ चोरणे म्हणतात. त्याच हंगामात कॅलिफोर्नियातील रँचो कुकामाँगा येथे, एक पायरी वर, त्याची बढती झाली. २०११ च्या आरंभी तो आर्‌कॅन्सॉ ट्रॅव्हलर्स या ‘डबल-ए’ श्रेणीच्या संघात दाखल झाला. या पायरीवर गोलंदाज वेगाबरोबरच वळणाऱ्या व फसव्या चेंडूंवरही हुकमत मिळविलेले असतात. शाळेत केवळ जोरावर यशस्वी झालेली मुले बहुधा येथेच अडखळतात. ट्राउटने येथेही ०·३२६ ही सरासरी राखली.

या उतरंडीतील जीवन खडतर असते. लांबलांबचे बसप्रवास, लागोपाठचे सामने, लहान गावांतील मुक्काम आणि तुटपुंजे वेतन हे त्याचे नित्याचे स्वरूप. ट्राउटसारख्या पहिल्या फेरीतील खेळाडूस हाती आलेल्या एकरकमी रकमेचा आधार असे. विसाव्या किंवा तिसाव्या फेरीत निवडलेल्या मुलास तो नसे. २०१८ च्या एका संघराज्यीय कायद्याने दुय्यम खेळाडूंना किमान वेतनाच्या नियमांतून बव्हंशी वगळण्यात आले होते. याबाबत दीर्घकाळ चाललेल्या दाव्यात २०२२ मध्ये १८ कोटी ५० लाख डॉलरची तडजोड झाली. त्याच वर्षी हे खेळाडू प्रमुख खेळाडूंच्या संघटनेत सामील झाले. २०२३ च्या पहिल्या सामूहिक करारान्वये खालच्या ‘ए’ श्रेणीतील वार्षिक वेतन ११,००० डॉलरवरून २६,२०० डॉलरवर आले. तत्पूर्वी २०२१ मध्ये दुय्यम संघांची पुनर्रचना होऊन त्यांची संख्या १२० वर आणण्यात आली, तर निवडीच्या फेऱ्या २० करण्यात आल्या. उत्पन्न वाढले, पण दार अरुंद झाले.

एंजल्सचा मध्य बाह्यक्षेत्ररक्षक पीटर बोर्जस जखमी झाल्याने ट्राउटला वर बोलावण्यात आले व ८ जुलै २०११ रोजी सीॲटल मॅरिनर्सविरुद्ध त्याने पदार्पण केले. त्या सामन्यात त्याला एकही यशस्वी फटका मारता आला नाही. पहिल्या १४ सामन्यांत त्याची सरासरी ०·१६३ इतकी घसरली आणि ऑगस्टच्या आरंभी त्याची पुन्हा आर्‌कॅन्सॉला रवानगी झाली. तीन आठवड्यांच्या आत तो परतला. परंतु हंगामाअखेर ४० सामन्यांत ०·२२० सरासरी व ५ होम रन एवढीच नोंद त्याच्या नावावर राहिली. या हंगामातील त्याच्या फलंदाजीच्या अधिकृत संधी १२३ भरल्या. १३० ची मर्यादा न ओलांडल्याने पुढील वर्षीही तो नियमाने नवोदितच ठरला.

२०१२ च्या हंगामपूर्व सरावात तो आजारी होता. म्हणून त्याला प्रथम सॉल्ट लेक येथील ‘ट्रिपल-ए’ श्रेणीच्या संघात ठेवण्यात आले. तेथे २० सामन्यांत त्याची सरासरी ०·४०३ झाली. इकडे एंजल्सने पहिल्या वीसपैकी चौदा सामने गमावले. २८ एप्रिल रोजी ट्राउटला पाचारण करण्यात आले. त्यानंतर उमेदवारीसाठी तो खाली गेला नाही. त्या वर्षी १३९ सामन्यांत ०·३२६ सरासरी, ३० होम रन, ४९ चोरलेले तळ व १२९ धावा असा त्याचा खेळ झाला. एका हंगामात किमान ३० होम रन, ४५ तळ व १२५ धावा या तिन्हींचा मेळ त्यापूर्वी कोणीही साधला नव्हता. बॉल्टिमोर येथे २७ जून रोजी जे. जे. हार्डीचा कुंपणापलीकडे जाणारा चेंडू उंच झेप घेऊन त्याने टिपला. हा झेल क्षेत्ररक्षणाचा नमुना म्हणून दाखविला जातो. अमेरिकन लीगमधील सर्वोत्तम नवोदित म्हणून त्याची एकमताने निवड झाली. सर्वांत मौल्यवान खेळाडूचा बहुमान मात्र सरासरी, होम रन व धावा मिळवून देणे या तिन्हींत १९६७ नंतर प्रथमच अग्रस्थान मिळविणाऱ्या डिट्रॉइटच्या मिगेल काब्रेराला मिळाला. धावणे व क्षेत्ररक्षण यांचे मोल फलंदाजीच्या तीन पारंपरिक आकड्यांत उतरत नाही, असे नव्या सांख्यिकीच्या पुरस्कर्त्यांचे म्हणणे होते. त्यांचा आक्षेप साधार होता, असेच पुढील वर्षांतील मतप्रवाहावरून म्हणावे लागते.

२०१४ मध्ये त्याला हा बहुमान एकमताने मिळाला. २०१९ मध्ये त्याने एंजल्सशी १२ वर्षांचा व ४२ कोटी ६५ लाख डॉलरचा करार केला. उत्तर अमेरिकेतील सांघिक खेळांत तोपर्यंत एवढी रक्कम कोणास मिळाली नव्हती. २०२१ पासून पोटरी, पाठ, हाताचे हाड व गुडघा यांच्या दुखापतींमुळे त्याचे अनेक सामने हुकले. २०२३ च्या जागतिक बेसबॉल स्पर्धेत तो अमेरिकेचा कर्णधार होता. अंतिम सामन्यात जपानच्या शोहेई ओतानी या त्या वेळच्या आपल्याच संघबंधूने त्याला बाद केले व जपान ३–२ असे विजयी झाले. संघ म्हणून एंजल्सला यश दुर्मिळच राहिले. ट्राउटच्या पहिल्या चौदा हंगामांत हंगामोत्तर स्पर्धेत ते एकदाच, २०१४ मध्ये, पात्र ठरले व कॅन्सस सिटीविरुद्ध तिन्ही सामने हरले.